‘माझी खरेदी’ : राजीच्या एका प्रतीचा शोध

पुण्यात तयार झालेल्या ‘राजी : ॲन एन्शंट एपिक’ या व्हिडिओ गेमवर समीक्षालेख लिहायचे मी दोन वर्षांपूर्वी ठरवले, तेव्हा अडचण येईल ती परिभाषेची, असे वाटले होते. कादंबरीच्या निवेदकाबद्दल, नाटकातल्या प्रवेशाबद्दल बोलायला आपल्याकडे शब्द आहेत. खेळणाऱ्याच्या बोटांनी पुढे सरकणाऱ्या कथेसाठी ते घडवावे लागणार होते. त्याची थोडीफार तयारी मी केली होती. प्रत्यक्षात अडलो ते त्याच्या कितीतरी आधीच्या पायरीवर. मला प्रतच सापडेना.

प्रत न सापडणे मला नवे नाही. श्रीरामपुरात माझे झेरॉक्सचे दुकान आहे. शिक्षण बारावीपर्यंत. बाकी जे काही शिकलो ते लोकांनी झेरॉक्सला आणलेले कागद वाचून आणि गावोगावच्या जुन्या वह्या, भारुडांच्या चोपड्या, कीर्तनकारांची टाचणे जमवून. एखादे बाड कुणाच्या माळ्यावर आहे असे कळते, आपण एसटीने तिथे जातो आणि कळते की मागच्या पावसाळ्यात ते भिजून फेकून दिले. अशा वेळी निदान काय झाले ते तरी समजते. राजीच्या बाबतीत वस्तू फेकलीही नव्हती, भिजलीही नव्हती, चोरीलाही गेली नव्हती. पैसे भरल्याची नोंद होती. वस्तू मात्र कुठे आहे ते सांगता येत नव्हते.

ज्यांना हा खेळ माहीत नाही त्यांच्यासाठी थोडे सांगतो. ‘नॉडिंग हेड्स गेम्स’ या पुण्याच्या छोट्या संस्थेने तो केला. २०१७ साली त्यांनी लोकवर्गणीची मोहीम काढली, ती फसली. तरी काम चालू राहिले. १८ ऑगस्ट २०२० रोजी तो निन्टेन्डोच्या स्विच या यंत्रावर आला आणि १५ ऑक्टोबरला संगणक व इतर यंत्रांवर. राजी ही फिरत्या खेळवाल्यांची पोर. तिच्या धाकट्या भावाला, गोलूला, असुर पळवून नेतात. देव तिच्या हातात त्रिशूळ देतात आणि ती भावाच्या शोधात निघते. वरून दुर्गा आणि विष्णू तिच्याकडे पाहत आपसात बोलत असतात. तेच या कथेचे निवेदक. चित्रशैली पहाडी लघुचित्रांची आठवण करून देणारी, वास्तू राजस्थानी गढ्यांसारख्या, आणि कथेचे दुवे सावल्यांच्या बाहुल्यांनी जोडलेले. पिंगुळीच्या ठाकरांचा चामड्याच्या बाहुल्यांचा खेळ ज्यांनी पाहिला असेल त्यांना ही दृश्ये परकी वाटणार नाहीत. त्या वर्षीच्या ‘द गेम अवॉर्ड्स’मध्ये पदार्पणाच्या विभागात त्याला नामांकनही होते. महाराष्ट्रात घडलेल्या या जातीच्या कृतींत तो महत्त्वाचा आहे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही.

हा खेळ आमच्या घरात २०२० च्या दिवाळीच्या आधी आला. शाळा बंद होत्या, पुतण्या आठवीत होता आणि थोरल्या भावाने त्याच्यासाठी तो घेतला. मी त्याच्या खांद्यावरून पाहिला, तेवढाच. लेख लिहायचे ठरल्यावर पुतण्याला फोन केला. तो आता पुण्यात शिकतो.

“काका, कुठल्या मेलवर घेतला होता ते आठवतंय का तुम्हाला?”

हा प्रश्न मला तेव्हा क्षुल्लक वाटला. आज वाटते की या सगळ्या व्यवहाराचे मर्म तिथेच आहे. डिजिटल दुकानात वस्तू शोधायची नसते, वस्तू घेताना आपण कोण होतो ते शोधायचे असते. आमच्या घरात पाच मेल-पत्ते निघाले. एक पुतण्याच्या ऑनलाइन शाळेसाठी काढलेला, एक वहिनींचा गॅसच्या बुकिंगपुरता, दोन माझे, एक भावाचा. त्यातही मेख अशी की एकाच पत्त्याने, पण एकदा गूगलच्या बटणाने आणि एकदा स्वतंत्र पासवर्ड देऊन आत गेलात, तर काही दुकानांत दोन वेगळी खाती तयार होऊ शकतात. एकात खरेदी असते, दुसरे रिकामे. आपण रिकाम्या खात्यात उभे राहून ‘माझी खरेदी’ उघडतो आणि दुकान शांतपणे सांगते की तुम्ही अजून काहीच घेतलेले नाही.

बरोबर खात्यात शिरल्यावरही वस्तू डोळ्यासमोर येईलच असे नाही. यादीवर चाळणी लावलेली असते. फक्त या संगणकावर बसवलेले खेळ दाखवा, अशी खूण असेल तर बाकीचे नाहीसे झाल्यासारखे वाटतात. पोरांनी एखादा खेळ ‘दडवलेला’ असतो. यंत्रासाठी घेतलेला खेळ संगणकाच्या यादीत दिसत नाही, कारण दुकान वेगळे. घरच्यांच्या सामायिक खात्यातून आलेला खेळ मालकाच्या नावावर असतो. खेळ विक्रीतून काढला गेला असेल तर दुकानात शोधून तो मिळत नाही, पण घेणाऱ्याच्या यादीत बहुधा राहतो. म्हणून शोध दुकानाच्या खिडकीत न घेता खरेदीच्या इतिहासाच्या पानावर घ्यावा. आणि तेही हाती लागले नाही तर मेलमध्ये पावती शोधावी, नाहीतर बँकेचे पासबुक. आम्ही हे सगळे उलट्या क्रमाने केले. भावाच्या पासबुकात नोव्हेंबर २०२० ची एक ओळ सापडली, कंपनीचे इंग्रजी नाव अर्धवट छापलेले. म्हणजे खाते भावाचे.

भाऊ एप्रिल २०२१ मध्ये, दुसऱ्या लाटेत गेला.

त्याच्या मेलचा पासवर्ड कुणाला माहीत नव्हता. नवा मागवायचा तर ओटीपी त्याच्या मोबाईल नंबरवर जाणार. तो नंबर आम्ही चालू ठेवला नव्हता. फोन लावला तर जालन्याकडच्या एका गृहस्थांनी उचलला. नंबर कंपनीने त्यांना दिला होता. त्यांना सगळे समजावून सांगून आकडे विचारावेत असे एकदा मनात आले होते. नाही विचारले. दुकानाच्या मदत कक्षाला मृत्यूचा दाखला आणि पासबुकाचे पान जोडून लिहिले. त्यांचे उत्तर सौजन्याचे होते: खाते दुसऱ्याच्या नावावर करता येत नाही. दुकानाचे नाव देत नाही, कारण प्रश्न एका दुकानाचा नाही. या धंद्यातल्या बहुतेक करारांत खाते हस्तांतरित होत नाही असेच लिहिलेले असते आणि आपण सगळेच ते न वाचता खाली ‘मान्य’ म्हणतो.

इथे शब्दांकडे जरा बारकाईने पाहिले पाहिजे. बटणावर ‘विकत घ्या’ असते. आत गेल्यावर वस्तू ‘लायब्ररी’त ठेवलेली दिसते. करारात मात्र विक्रीही नाही आणि ग्रंथालयही नाही. वापरण्याचा परवाना आहे, तोही काढून घेता येण्याजोगा. २००९ साली ॲमेझॉनने लोकांच्या किंडलवरून ऑर्वेलची ‘१९८४’ आणि ‘ॲनिमल फार्म’ परस्पर उचलून नेली होती. पैसे परत केले, पुढे माफीही मागितली. पण घरातल्या कपाटातून पुस्तक दुकानदार नेऊ शकतो हे त्या दिवशी जगाला कळले. युबिसॉफ्टचा ‘द क्रू’ हा मोटारशर्यतीचा खेळ २०१४ मध्ये विक्रीला आला आणि ३१ मार्च २०२४ रोजी त्याचे सर्व्हर बंद झाले. त्यानंतर पैसे मोजलेल्यांनाही तो उघडता येईना. त्यातून युरोपात ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही मोहीम उभी राहिली आणि २०२५ च्या जुलैत तिच्या मागणीपत्रावरच्या सह्या दहा लाखांपुढे गेल्या. कॅलिफोर्नियाने सप्टेंबर २०२४ मध्ये कायदाच केला: परवाना देत असाल तर ते स्पष्ट सांगा, नुसते ‘विकत घ्या’ म्हणू नका. १ जानेवारी २०२५ पासून तो लागू आहे. स्टीम या मोठ्या दुकानाने त्याआधीच पैसे भरण्याच्या पानावर तशी ओळ घातली. ओळ आली, बटण बदलले नाही.

आपल्याकडे तर याहून गमतीची स्थिती आहे. सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली टाटा कन्सल्टन्सीच्या खटल्यात तयार सॉफ्टवेअर हा ‘माल’ आहे असे म्हटले, कारण प्रश्न विक्रीकराचा होता. मार्च २०२१ मध्ये ‘इंजिनिअरिंग ॲनालिसिस’ खटल्यात, आयकराच्या संदर्भात, करारात ‘परवाना’ असा शब्द असला तरी असा व्यवहार मुळात विक्रीचाच, असा निर्वाळा दिला. परदेशी दुकानातून खेळ उतरवून घेतला की जीएसटी लागतो तो मात्र ‘सेवा’ म्हणून, १८ टक्के. म्हणजे करापुरता तो कधी माल, कधी सेवा. दुकानाच्या लेखी परवाना. आणि माझ्या भावाच्या समजुतीप्रमाणे मुलासाठी आणलेली वस्तू. चारांपैकी कायद्याच्या दृष्टीने सर्वांत दुबळी समजूत त्याची, जरी पैसे त्याचे असले तरी.

‘लायब्ररी’ या शब्दाचा मला विशेष राग आहे, हे कबूल करतो. आमच्या जिल्ह्याच्या ठिकाणचे वाचनालय १८३८ सालचे. तिथे काय, किंवा कुठल्याही तालुक्याच्या वाचनालयात काय, दाखल क्रमांक पुस्तकाला असतो. सभासद बदलतात, मरतात, वर्गणी थकवतात. पुस्तक आपल्या क्रमांकावर उभे असते. दुकानाच्या या लायब्ररीत क्रमांक वाचकाला आहे. तो गेला की त्याच्याबरोबर सगळे कपाट जाते. आणि ज्याला आपण सार्वजनिक कपाट म्हणू ते या कृतींसाठी आपल्याकडे नाहीच. १९५४ च्या ग्रंथ-प्रदान कायद्याप्रमाणे प्रत्येक प्रकाशकाने छापलेल्या पुस्तकाची प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि मुंबई, चेन्नई, दिल्ली इथल्या ग्रंथालयांना पाठवायची असते. म्हणून एखाद्या तालुक्याच्या गावी छापलेली फुटकळ लावणीची चोपडीही कुठेतरी शाबूत असण्याची शक्यता असते. या कायद्यातला ग्रंथ छापील आहे. पुण्यात घडलेला खेळ त्यात बसत नाही. अमेरिकेत जुने खेळ जपणाऱ्या एका संस्थेने २०२३ मध्ये पाहणी केली, तेव्हा २०१० पूर्वी तिथे निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात मिळत नाहीत असे निघाले. आपल्याकडे मोजायला यादीच नाही.

कुणी म्हणेल, खेळच तो, गेला तर गेला. लीळाचरित्राबद्दलही असे म्हणणारे भेटले असते. ते लिहिणारे म्हाइंभट आमच्याच जिल्ह्यातल्या सराळ्याचे. त्यांनी माणसामाणसाकडे जाऊन चक्रधरांच्या आठवणी गोळा केल्या. पुढे मूळ पोथी परचक्राच्या धामधुमीत गेली आणि ज्यांना ती पाठ होती त्यांनी आपापल्या स्मरणातून पुन्हा उभी केली. त्यामुळेच तिचे इतके पाठभेद. मग पंथाने आपले ग्रंथ सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत ठेवले. पंथाबाहेर किल्ली नव्हती, म्हणून मराठीतला हा पहिल्या प्रतीचा गद्यग्रंथ शतकानुशतके बाकीच्या मराठी वाचकांच्या दृष्टीने नव्हताच. विसाव्या शतकाच्या आरंभी राजवाड्यांनी लिपीची उकल केली आणि पुढे नेने, तुळपुळे, कोलते यांच्या हातून तो आपल्यापर्यंत आला. कुलूप होते, पण कुलपासकट पोथी मठामठांत होती, एकीच्या अनेक होत्या. आमच्याच नेवाशाला सांगितलेल्या ज्ञानेश्वरीची गोष्टही तीच. शके १५०६ मध्ये एकनाथांनी तिची शुद्ध प्रत सिद्ध केली ती समोर वेगवेगळ्या प्रती होत्या म्हणून. पाठ बिघडले होते हे जितके खरे, तितकेच हेही की बिघडलेले पाठ हाताशी होते.

राजीच्या बाबतीत हा मुद्दा नुसता तात्त्विक नाही. २०२२ मध्ये या खेळाची सुधारित आवृत्ती निघाली. तिच्यात हिंदी संवाद आले, माणसांच्या हालचाली टिपून नव्याने केलेली दृश्ये आली. पुस्तकाची दुसरी आवृत्ती आली की पहिली कपाटात तशीच राहते. इथे संगणक नेटला जोडला की नवी आवृत्ती जुनीच्या जागी येऊन बसते, बहुधा आपल्याला न विचारता. मी अखेर माझ्या नावाने नवे खाते काढून खेळ पुन्हा घेतला, तो अर्थातच सुधारित. आज तो उघडणाऱ्याला वाटेल की राजी जन्मतःच दुभाषी आहे.

तसे नाही हे मला कळले ते वहिनींमुळे. भावाचा जुना लॅपटॉप त्यांनी गोधडीत गुंडाळून कपाटात ठेवला होता. तो २०२१ नंतर कुणी उघडलेला नव्हता. पुतण्या म्हणाला, “काका, आधी वायफायचं बटण बंद करा, मगच चालू करा.” राउटरची वायरही आम्ही काढली. दुकानाचे ॲप उघडले, नेट नाही म्हणून कुरकुरले आणि ऑफलाइन चालू झाले. यादीत तीन खेळ. त्यातला एक राजी, २०२० ची.

दोन आठवडे दुकान बंद केल्यावर रात्री मी दोन्ही पाठ शेजारी शेजारी लावून बसलो आणि हाती काही लागले असे वाटते. जुन्या प्रतीत दुर्गा आणि विष्णू फक्त इंग्रजीत बोलतात. वाटेत भित्तिचित्रांपाशी राजी थांबली की ते त्या चित्रातली कथा सांगतात. पहिल्यांदा पाहिले तेव्हा मला हे कॉन्व्हेंटमधल्या बाईंनी पुराण सांगावे तसे वाटले होते. आता वाटते की ती भाषा संहितेला मुळातून लागलेली आहे. महिषासुर कोण, दुर्गा कशी प्रकटली, हे इतके सविस्तर कुणाला सांगावे लागते? ज्याला माहीत नाही त्याला. २०२० चा खेळ दूरदेशीच्या श्रोत्यासमोर बसून केलेले आख्यान आहे आणि त्याची समजावणीची लय त्या श्रोत्याला धरून आहे. नव्या आवृत्तीत तीच समजावणी हिंदीत येते तेव्हा ती जरा अवघडते. घरच्याच माणसाला घराचा पत्ता सांगावा तसे काहीसे होते. आवाज जवळचे झाले, बोलणे तितकेसे झाले नाही. हा दोष मी हिंदी आवाजांना देत नाही, ते चांगले आहेत. पण हा ताण कुठून आला ते नुसता नवा पाठ वाचून कळत नाही. पुण्यातल्या चार माणसांनी २०२० साली आपली पुराणे सांगायला घेतली तेव्हा समोर कोण बसले आहे असे त्यांना वाटत होते, याचा पुरावा जुन्या प्रतीत आहे. तो पुरावा आज माझ्यापुरता एका गोधडीत आहे.

राजीचे गुणदोष मी इथे विस्ताराने मांडत नाही, तो लेख वेगळा होईल. एवढेच म्हणतो की तिचा शेवट तुटक आहे अशी तक्रार अनेकांनी केली आणि ती रास्त आहे. पण गोलूच्या शोधात चाललेल्या पोरीकडे दोन देव वरून पाहत वाद घालतात, ती कधी एकाची वाटते कधी दुसऱ्याची, आणि ती मात्र कुणाचीच नसून भावाची असते, ही रचना मला आपल्याकडच्या अलीकडच्या कित्येक पौराणिक कादंबऱ्यांपेक्षा प्रामाणिक वाटते.

खेळ उघडण्याआधी एक गोष्ट केली. डाव जिथवर आला त्याची नोंद संगणकात फायलींच्या रूपात असते. त्या दोन पेन ड्राइव्हवर उतरवून घेतल्या. धंदाच प्रती काढण्याचा. खेळाचे सगळे फोल्डरही उतरवले. पण ते दुसऱ्या संगणकावर नेले की दुकान खात्याची ओळख मागते आणि पुढे सरकत नाही. म्हणून पडद्यासमोर मोबाईल उभा करून चित्रण करतो, सोबत वहीत टिपणे घेतो.

नोंदी उतरवायचे कारण वेगळे होते. ॲपमध्ये प्रत्येक खेळापुढे किती तास खेळला ते लिहिलेले असते. पुतण्याने राजी पाचेक तासांत संपवली होती, त्याला नक्की आठवते. आकडा अकराचा होता. शेवटची तारीख मार्च २०२१. पुतण्या बराच वेळ काही बोलला नाही, मग म्हणाला, “मी क्लासला गेल्यावर बाबा खेळत असणार.” तो डाव एका कोड्यापाशी थांबलेला आहे. वर्तुळे फिरवून चित्र जुळवायचे असते, तशा एका कोड्यापाशी. अवघड नाही. पुतण्याने पाहताक्षणी ओळखले, पण माऊसला हात लावला नाही.

लॅपटॉपची बॅटरी फुगली होती. नगरच्या दुरुस्तीवाल्याने ती काढून टाकली आणि नवी या मॉडेलला मिळत नाही म्हणाला. आता तो फक्त विजेवर चालतो. लाइट गेली की बंद. आमच्याकडे संध्याकाळी लाइटचा भरवसा नसतो, म्हणून पहाटे पाचला उठून बसतो. निम्म्यापर्यंतचा पाठ उतरवून झाला आहे. झाकणावर पुतण्याने चिठ्ठी चिकटवली आहे: ‘नेट लावू नये.’